आजोबांसाठी नाही, आयर्न मॅनसाठी रडली

ताई,
माझी मुलगी बारा वर्षांची आहे. गेल्या शनिवारी आम्ही घरी 'अ‍ॅव्हेंजर्स: एंडगेम' लावला. आधीचे भाग तिनं बघितले होते, हाच राहिला होता. शेवटी टोनी स्टार्क, म्हणजे आयर्न मॅन, मरतो तिथे ती रडायला लागली ती थांबेचना. रात्रीचे दोन वाजले. मी समजावलं, ''अगं, सिनेमा आहे तो. तो नट जिवंत आहे, मजेत आहे.'' ती उठली, खोलीत गेली आणि दार लावून घेतलं. चार दिवस झाले, माझ्याशी कामापुरतंच बोलते.

खरं सांगायचं तर मला राग आलाय. आठ महिन्यांपूर्वी माझे वडील गेले. ही त्यांची सगळ्यांत लाडकी नात. अकरा दिवस ते रुग्णालयात होते. पोर धसका घेईल म्हणून आम्ही तिला तिकडे नेलं नाही. ''आजोबा बरे होऊन येतील,'' असं सांगत राहिलो. ते गेल्याचं सांगितलं तेव्हा तिच्या डोळ्यांत पाण्याचा थेंब आला नाही. ''बरं,'' म्हणाली आणि गृहपाठ करत बसली. आणि आता चिलखतातल्या एका खोट्या माणसासाठी रात्रभर रडणं? पहिला 'आयर्न मॅन' तिनं त्यांच्याच शेजारी बसून बघितला होता, कितीतरी वेळा. ते निम्म्यात घोरायला लागायचे ही गोष्ट वेगळी.

मुलांच्या सिनेमात इतकी मरणं दाखवायची गरजच काय? हे सिनेमे बंद करावेत का? आणि दाराआडून ती एक वाक्य बोलली ते मला कळलेलं नाही : ''आणि नताशाला तर कुणी काहीच केलं नाही.'' ही नताशा कोण, आणि तिला काय करायला हवं होतं?
— एक वडील

*

तुमचे प्रश्न शेवटाकडून घेते. दाराआडून आलेलं ते वाक्य तुमच्या सगळ्या पत्रापेक्षा महत्त्वाचं आहे. ते नीट समजावं म्हणून मी 'इन्फिनिटी वॉर' आणि 'एंडगेम' लागोपाठ पुन्हा बघितले. दोन्ही मिळून साडेपाच तास होतात. उत्तराला उशीर झाला असेल तर दोष थॅनोसचा, म्हणजे दोन्हींतल्या खलनायकाचा.

नताशा रोमानॉफ म्हणजे ब्लॅक विडो. तुम्ही सिनेमा बघितलात, पण बहुधा तेव्हा चहा करायला उठला असाल. थॅनोसनं एका चुटकीसरशी विश्वातले अर्धे जीव नाहीसे केलेत. त्यांना परत आणायचं तर ज्यांच्या जोरावर त्यानं हे केलं ते सहा जादुई खडे, स्टोन्स, गोळा करायला हवेत. त्यांतला सोल स्टोन व्होर्मिर नावाच्या ग्रहावर आहे आणि त्याची किंमत एकच : आपल्या जिवलगाचा जीव. नताशा आणि क्लिंट, म्हणजे हॉकआय, हे दोन जुने मित्र तिथे पोचतात. मग दोघांची मारामारी होते ती 'मी मरणार, तू नाही' यासाठी. शेवटी ती कड्यावरून लोंबकळतेय, त्यानं मनगट धरलंय, आणि ती म्हणते, सोड मला, ठीक आहे. तो सोडत नाही. ती कड्याला पाय लावून स्वतःला लोटून देते.

परत आल्यावर उरलेले पाच जण तळ्याकाठी जमतात. टोनी विचारतो, तिला घरचं कुणी होतं का? स्टीव्ह, म्हणजे कॅप्टन अमेरिका, म्हणतो, होतं ना, आपण. थॉर हट्ट धरतो की तिला परत आणता येईल. बॅनर, म्हणजे हल्क, एक बाक उचलून तळ्यात भिरकावतो. एवढंच. काही मिनिटांत सगळे कामाला लागतात.

आता टोनीचं बघा. त्यालाही तळंच आहे, पण त्याच्या फुलांच्या चक्रावर त्याचं ते छातीतलं जुनं आर्क रिअ‍ॅक्टर ठेवून पाण्यात सोडलंय. त्यावर कोरलंय की टोनी स्टार्कला हृदय आहे याचा हा पुरावा. पेपरनं, म्हणजे त्याच्या बायकोनं, ते त्याला लग्नाआधी, पहिल्याच भागात, २००८ साली, चेष्टेनं करून दिलं होतं. मग कॅमेरा सावकाश मागे सरकतो आणि अकरा वर्षांतले जवळजवळ सगळे चेहरे काळ्या कपड्यांत उभे दिसतात. कुणी बोलत नाही. नताशाच्या वाट्याला त्यानंतर क्लिंट आणि वांडा या दोन साथीदारांची दोन वाक्यं येतात : आपण जिंकलो हे तिला कळवता आलं असतं तर... आणि, तिला माहीत आहे.

तुमच्या मुलीनं हा हिशेब मांडलाय, आणि तो बरोबर आहे. २०१९ मध्ये सिनेमा आला तेव्हा असंख्य प्रेक्षकांची हीच तक्रार होती. बचावात म्हणता येईल की ती सिनेमाच्या मध्यावर गेली, लढाई बाकी होती, रडायला सवड कुणाला होती. हे पटण्यासारखं आहे. पण सवड नव्हती म्हणून निरोप राहिला, हे कारण एका बारा वर्षांच्या मुलीनं गेल्या वर्षभरात आणखी कुठे ऐकलं असेल?

कुणाला निरोप मिळाला आणि कुणाला नाही, हे मोजत बसणारी मुलगी नुसता सिनेमा बघत नाहीये. अकरा दिवस तिचे आजोबा जिथे होते तिथे ती गेली नाही. शेवटी काय झालं हे तिनं बघितलं नाही. तुम्ही ते काळजीपोटी केलंत, माझ्या ओळखीतल्या दहातल्या आठ घरांनी हेच केलं असतं. तरी तिच्या बाजूनं बघा : एके दिवशी आजोबा बरे होऊन येणार होते आणि दुसऱ्या दिवशी नव्हतेच. 'इन्फिनिटी वॉर'मध्ये माणसं अशीच जातात. उभ्या उभ्या धूळ.

टोनी तसा जात नाही. मी तो प्रसंग तीनदा बघितला. आधी त्याचा जुना मित्र ऱ्होडी येतो, काही बोलत नाही. मग पीटर, म्हणजे पोरसवदा स्पायडरमॅन, येतो आणि रडत सांगतो की आपण जिंकलो. मग पेपर येते. ती आधी चिलखतातल्या यंत्रणेला विचारते, उत्तर ऐकते, तिला कळतं. आणि ती नवऱ्याला 'तू बरा होशील' असं म्हणत नाही. ती म्हणते, आम्ही ठीक राहू, तू आता विसावा घे. मग छातीतला दिवा विझतो.

'आजोबा बरे होऊन येतील' हे वाक्य अकरा दिवस ऐकलेल्या मुलीनं हे पहिल्यांदाच बघितलं असावं : मरणाऱ्या माणसाशी कुणीतरी खरं बोलतं, आणि तो शांतपणे जातो. ती टोनीसाठी रडली, हे खरंच. पण ते रडू फक्त टोनीचं असतं तर दोन वाजेपर्यंत पुरलं नसतं.

तेव्हा ती रडली का नाही, हा तुमचा खरा सल. मुलांचं दुःख मोठ्यांसारखं सलग वाहत नाही. ती घटकाभर हुंदके देतात आणि घटकाभरानं खेळायला जातात. कधी आधी गृहपाठ करतात आणि आठ महिन्यांनी रडतात. त्यात घरातले सगळे मोठे कोसळलेले असतील तर मूल अनेकदा ठरवून टाकतं की आपण त्रास द्यायचा नाही. तिचं ते ''बरं'' मला तसलं वाटतं. तुम्ही ते थंडपणा म्हणून ऐकलंत. नाट्यशास्त्रात शोक हा स्थायीभाव आणि करुण हा रस अशी दोन वेगळी नावं आहेत, ती उगाच नाहीत. घरातला शोक कधीकधी तोंडच उघडू देत नाही. करुणाला मात्र प्रेक्षक, अंधार आणि थोडं अंतर मिळतं, मग वाट मोकळी होते. तुमच्या घरात दिवाणखान्यातला टीव्ही तेवढ्या अंतरावर होता.

आणि 'खोटा माणूस' म्हणता, तर थोडी भर घालते. टोनी स्टार्क पडद्यावर २००८ ते २०१९ होता, एकाच नटाच्या चेहऱ्यानं, रॉबर्ट डाउनी ज्युनिअरच्या. पहिल्या भागाच्या वेळी बारा वर्षांचं असलेलं मूल 'एंडगेम'ला तेविशीचं झालं होतं. इतकी वर्षं ज्याची थट्टामस्करी ऐकली, चुका बघितल्या, लग्न आणि मूल बघितलं, तो गेल्यावर काहीच वाटलं नाही तर मला त्या माणसाची काळजी वाटेल.

आता 'मुलांच्या सिनेमात मरणं कशाला'. सुपरहिरोच्या कथेचा पायाच मरणावर रचलेला आहे. १९३८ मध्ये सुपरमॅन आला तो सगळा ग्रह नष्ट झाल्यावर. बॅटमॅनच्या आईवडिलांना त्याच्या डोळ्यांदेखत गोळ्या घातल्या गेल्या, ते १९३९ मध्ये. स्पायडरमॅनचे अंकल बेन १९६२ च्या पहिल्याच कथेत गेले, आणि पीटरनं एका चोराला बेफिकिरीनं जाऊ दिलं होतं म्हणून गेले. म्हणजे मुलांना या कथांमधून कुणी मरणापासून वाचवलं नव्हतंच. फक्त मरायचं ते दुसऱ्यांनी. नायक स्वतः मरत नसे, आणि मेलाच तर परत येत असे.

या परत येण्यानं पुढे मरणाची पार रया गेली. सुपरमॅन १९९२ मध्ये मेला, वर्तमानपत्रांत बातम्या आल्या, आणि १९९३ मध्ये तो परत हजर. त्याआधी १९८८ मध्ये तर कमालच झाली होती. बॅटमॅनचा तेव्हाचा सहकारी रॉबिन, म्हणजे जेसन टॉड, जगावा की मरावा हे वाचकांनी फोन करून ठरवायचं होतं. मरावा म्हणणारे ५,३४३, जगावा म्हणणारे ५,२७१. बहात्तर मतांनी पोरगं गेलं. कॉमिक्सवाल्यांत एक जुना विनोद होता की इथे कायमचे फक्त तिघंच मरतात : कॅप्टन अमेरिकाचा साथीदार बकी, जेसन टॉड आणि अंकल बेन. २००५ मध्ये पहिले दोघंही परत आले. अंकल बेन अजून टिकून आहेत, म्हणजे मेलेले आहेत.

म्हणून २०१८ मध्ये 'इन्फिनिटी वॉर'च्या शेवटी अर्धे नायक धूळ झाले तेव्हा माझ्यातला हिशेबी प्रेक्षक म्हणाला, परत येतील. स्पायडरमॅनच्या पुढच्या सिनेमाची तारीखही ठरलेली होती. तरीही पीटरच्या वेळी घशात काहीतरी अडकलंच. बाकीचे निमूट नाहीसे होतात, त्या पोराला मात्र काय होतंय ते कळायला वेळ मिळतो. तो टोनीला मिठी मारून म्हणतो, मला जायचं नाही. ते मरण खोटं ठरलं, पण टोनीच्या मिठीत जे घडलं ते खोटं ठरलं नाही. पुढच्या भागात टोनीला घर आहे, लहान मुलगी आहे, 'मला यात पडायचं नाही' म्हणून त्यानं मित्रांना परत पाठवलंय. मग भांडी विसळताना त्याच्या हातात पीटरबरोबरचा फोटो येतो. तिथून तो निघतो तो थेट शेवटाकडे.

परतीचं आणि बिनपरतीचं मरण असं एकमेकांत गुंफलं, म्हणून मी 'एंडगेम'ला बाकी बऱ्याच गोष्टी माफ करते. नताशाला परत आणता येत नाही, हे सिनेमा दोनदा बजावतो. बॅनर सगळ्यांना परत आणणारी ती अजस्र चुटकी वाजवताना तिला आणायचा प्रयत्न करतो आणि नंतर कबूल करतो की जमलं नाही. 'परत आलेलं माणूस तेच असतं का' याचं उत्तरही त्यांनी दिलंय : गमोरा ही थॅनोसची मानलेली मुलगी; मेलेल्या गमोराच्या जागी भूतकाळातली गमोरा येते, पण तिच्या प्रियकरावर, क्विलवर, जीव लावणारी ती ही नव्हे. २०२३ च्या 'गार्डियन्स ऑफ द गॅलक्सी'च्या भागातही ती त्याच्याकडे परत जात नाही. आणि डाउनी पुन्हा मार्व्हलच्या सिनेमात येणार हे जुलै २०२४ मध्ये जाहीर झालं, पण डॉक्टर डूम या खलनायकाच्या भूमिकेत. तुमच्या मुलीला हे बहुधा ठाऊक असेल. 'बघ, तो परत येतोय' असं तिला सांगायला मात्र जाऊ नका. ते पुन्हा 'बरे होऊन येतील'च होईल.

मरण लक्षात कधी राहतं, याबद्दल माझं एक मत आहे. ते त्या माणसाच्या स्वभावातून यायला हवं. २०१२ मध्ये स्टीव्ह टोनीला तोंडावर म्हणाला होता, दुसऱ्याला पलीकडे जाता यावं म्हणून काटेरी तारेवर स्वतःला झोकून देणारा माणूस तू नव्हेस. टोनीचं उत्तर होतं, मी तार कापेन. टोनी तो हाच : हुशार, उद्धट, नेहमी तिसरी वाट काढणारा. 'एंडगेम'च्या शेवटी पुढचं सगळं आधीच बघून आलेला जादूगार डॉक्टर स्ट्रेंज त्याला नुसतं एक बोट वर करून दाखवतो. एकच वाट आहे, तार कापता येणार नाही. आणि थॅनोसला संपवणारी, स्वतःचा जीव घेणारी चुटकी वाजवण्याआधी तो तेच बोलतो जे त्यानं पहिल्या भागात, हातातला लिहून दिलेला खुलासा बाजूला ठेवून, पत्रकारांना सांगितलं होतं : मी आयर्न मॅन आहे. तेव्हा ती बढाई होती.

याच फूटपट्टीनं तो व्होर्मिरचा कडा बघा. तिथून दोन बायका खाली गेल्या. गमोराला तिच्या बापानं, थॅनोसनं, फेकलं, तिला कुणी विचारलं नाही. नताशानं उडी घेतली. पुरुषाची कथा पुढे ढकलण्यासाठी बाईला मारायची कॉमिक्सची खोड जुनी आहे. गेल सिमोन या लेखिकेनं १९९९ मध्ये अशा बायकांची यादीच मांडली होती. नताशा त्या यादीत बसते की नाही यावर तुमच्या मुलीचं स्वतःचं मत असणार, आणि ते मला वाचायला आवडेल.

सिनेमे बंद करू नका. आत्ता बंद केलेत तर रडण्याची शिक्षा मिळाली असंच तिला वाटेल.

आज संध्याकाळी तिच्याकडे जा आणि 'सिनेमाच तर आहे' म्हणाल्याबद्दल माफी मागा. 'पण'शिवाय. आजोबांचा विषय लगेच काढू नका, नाहीतर तिला वाटेल की बाबा पुन्हा तोच मुद्दा दुसऱ्या दारानं घेऊन आले. एवढंच विचारा : नताशासाठी काय करायला हवं होतं? आणि मग गप्प बसा. तुम्हाला अवघड जाईल, पत्रावरून दिसतंच आहे.

ती बोलली तर एखाद्या दिवशी 'ब्लॅक विडो' बघा दोघं. तो २०२१ चा. नामावली संपेपर्यंत थांबा. येलेना, नताशाची धाकटी बहीण, तिच्या थडग्यापाशी येते. त्यावर लिहिलंय : मुलगी, बहीण, अ‍ॅव्हेंजर. नताशा गेली तेव्हा येलेना जगातच नव्हती. तीही त्या चुटकीत नाहीशी झाली होती, परत आली तोवर पाच वर्षं उलटली होती आणि बहीण नव्हती. लहानपणी त्या दोघी एकमेकींना शीळ घालायच्या, एकीनं घातली की दुसरीनं उत्तर द्यायचं. येलेना थडग्यापाशी शीळ घालते आणि थांबते. तिथेच बंद करा. त्यानंतर एक बाई नाक शिंकरत येते आणि पुढच्या कथेचा धंदा सुरू करते.

एवढं झालं की कधीतरी तिला ते अकरा दिवस सांगा. आजोबा काय खायचे, काय बोलायचे, तिची आठवण काढली का, शेवटी जवळ कोण होतं. तिला यातलं काहीच माहीत नाही, आणि न कळलेल्या गोष्टी मुलं स्वतः भरून काढतात, बहुतेक वेळा खऱ्यापेक्षा भयंकर करून. तिला नेलं नाही ही चूक झाली असं तुम्हाला वाटत असेल तर तेही सांगा. तुम्ही स्वतः वडिलांसाठी रडलात की नाही हे पत्रात कुठेच नाही. सांगताना रडू आलं तर तोंड फिरवू नका. झोप, जेवण किंवा शाळा आठवडेच्या आठवडे बिघडलेली दिसली तर मात्र मुलांबरोबर काम करणाऱ्या समुपदेशकाकडे जा. पण एका रात्रीच्या रडण्यासाठी त्याची गरज नाही.

एक राहिलं. 'आयर्न मॅन' कितीतरी वेळा लागायचा आणि आजोबा निम्म्यात झोपायचे, असं तुम्ही जाता जाता लिहिलंय. मग जाग आल्यावर पुढचा सिनेमा त्यांना कोण सांगायचं? तुम्हाला ठाऊक नसेल, तर तिला विचारा.